‘याचिकाकर्त्यांपुरते मर्यादित’

शाळांच्या अनुदानाचे निर्णय घेणाऱ्या आणि त्या निर्णयांच्या फायली वर-खाली सरकवणाऱ्या सर्वांस,

स. न. वि. वि.

पत्रास कारण की, आमच्या शाळेला वरच्या एका कार्यालयातून दोन ओळींचं पत्र आलं आहे. आवक नोंदवहीत त्याची नोंद मीच केली, त्यामुळे मजकूर पाठ झालाय. ‘संदर्भीय प्रस्तावाच्या अनुषंगाने कळविण्यात येते की, मा. उच्च न्यायालयाचे आदेश याचिकाकर्त्यांपुरते मर्यादित असून आपली संस्था सदर याचिकेत याचिकाकर्ती नसल्याने आपला प्रस्ताव अमान्य करण्यात येत आहे.’ खाली सही, गोल शिक्का, प्रत माहितीस्तव तिघांना.

मी माण तालुक्यातल्या एका अंशतः अनुदानित माध्यमिक शाळेत कनिष्ठ लिपिक आहे. गावात मला ‘क्लार्क मॅडम’ म्हणतात. २००८ पासून पगारपत्रक, शालार्थ (पगाराची ऑनलाईन प्रणाली), यू-डायस (शाळेची ऑनलाईन माहिती), संच मान्यता (पटावरून ठरणारी शिक्षकांची पदं), वैयक्तिक मान्यतेचे प्रस्ताव, दाखले, बिंदुनामावली (पदांच्या आरक्षणाची नोंद) हे सगळं माझ्या टेबलावरून जातं. ‘अनुषंगाने’, ‘उपरोक्त’, ‘अनुज्ञेय नाही’ ही भाषा मी रोज टाईप करते. तिचा राग नाही. पण ‘याचिकाकर्त्यांपुरते मर्यादित’ हे दोन शब्द वाचले आणि पहिल्यांदाच कागद पंच करून फाईलला न लावता घरी घेऊन आले. त्याचं कारण सांगायचं तर तपासणीचा दिवस सांगावा लागेल.

आमच्यासारख्या शाळांना पगाराचं अनुदान वीस-वीस टक्क्यांच्या टप्प्यांनी मिळतं. त्यातला पुढचा टप्पा मंजूर करण्याआधी शाळांची फेरतपासणी झाली. समितीची जीप सकाळी ओढ्यापलीकडच्या गावातल्या शाळेत गेली आणि दुपारी अडीचच्या सुमारास आमच्याकडे आली. त्या दिवशी वीज उपकेंद्रात मोठा बिघाड झाला होता. दोन्ही गावांना वीज त्याच उपकेंद्रातून येते, त्यामुळे पहाटेपासून दोन्हीकडे लाईट नव्हती. आमचं बायोमेट्रिक हजेरीचं यंत्र ऑफिसच्या दाराशेजारी, सावित्रीबाईंच्या फोटोखाली बसवलेलं. आतली बॅटरी तासभर तग धरायची, ती सकाळीच संपली. एरवी आमच्या इतिहासाच्या सरांचा अंगठा लागला की हे यंत्र ‘प्लीज ट्राय अगेन’ म्हणायचं, कारण सर सुट्टीच्या दिवशी डाळिंबाची छाटणी करतात आणि त्यांच्या अंगठ्यावर रेषा म्हणून उरलेल्या नाहीत. त्या दिवशी ते तेवढंही बोललं नाही. समितीतल्या एका साहेबांनी स्वतःचा अंगठा दोनदा दाबून पाहिला आणि शेरा लिहिला, ‘बायोमेट्रिक यंत्र बंद आढळले.’

मी म्हणाले, “साहेब, लाईट नाही.”

साहेब चांगले होते हो. म्हणाले, “ते दिसतंय, बाई. पण प्रपत्रात लाईटचा रकाना नाही.”

पुढे जी अपात्र शाळांची यादी आली, त्यात ओढ्यापलीकडची शाळा आणि आमची शाळा एकाखाली एक होती. त्रुटी तीच, शब्दही तेच. दोन्ही शाळांनी वीज कंपनीचा दाखला घेतला. दाखल्यावर तारीख एक, उपकेंद्र एक, सही एकाच अभियंत्याची.

त्या संस्थेच्या अध्यक्षांचे जावई मुंबईत वकिली करतात. त्यांनी उच्च न्यायालयात रिट दाखल केली. न्यायालयाने अनुदान द्या असं म्हटलं नाही. एवढंच म्हटलं की शाळेचं म्हणणं ऐका, दाखला बघा आणि आठ आठवड्यांत कारणांसह नव्याने निर्णय घ्या. कार्यालयाने दाखला पाहिला आणि त्यांना मान्य झालं की वीज नसेल तर यंत्र चालत नाही. त्या शाळेला टप्पा मागच्या तारखेपासून लागू झाला, फरकही मिळाला.

आम्हीही वर्गणी काढली होती. अकरा जणांचे मिळून तेवीस हजार जमले. वकिलांनी सांगितलेल्या आकड्याच्या ते निम्मेही नव्हते. त्यातले आठ हजार त्याच पावसाळ्यात मुलींच्या स्वच्छतागृहाच्या दारावर गेले, आणि ते गेले याचं कुणालाच वाईट वाटलं नाही. आम्हाला वाटलं, त्यांचं ठरलं म्हणजे आपलंही ठरलं. दाखला तोच, यादी तीच. त्यांच्या निकालाची प्रत जोडून आम्ही प्रस्ताव पाठवला. मग स्मरणपत्र, मग दुसरं स्मरणपत्र. मध्ये टेबल बदललं म्हणून पुन्हा मूळ प्रस्ताव मागवला गेला. शेवटी हे दोन ओळींचं उत्तर. आज त्यांच्या शाळेतला शिपाई आणि आमच्या शाळेतला शिपाई यांच्या पगारात एका टप्प्याचा फरक आहे. दोघं सख्खे मावसभाऊ आहेत.

तुमच्या कार्यालयात हे ‘प्रकरण’ असेल, म्हणून वीस टक्के म्हणजे किती ते सांगते. २०१६ च्या सप्टेंबरमध्ये २० टक्क्यांचा निर्णय झाला, त्यानंतर माझ्या हातात पहिल्यांदा ‘शासनाचा पगार’ म्हणून साडेतीन हजारांच्या आतबाहेर रक्कम आली. तोवर आठ वर्षं संस्था देईल ते घेत होते. आमचे गणिताचे सर पहाटे डेअरीत दुधाची फॅट मोजतात आणि पावणेअकराला नववीच्या वर्गात पायथागोरस शिकवतात. त्यांच्या शर्टाला दुधाचा वास येतो म्हणून मुलं आधी हसायची, आता हसत नाहीत. एक टप्पा म्हणजे त्या सरांची पहाटेची डेअरी सुटणं.

टप्प्यांचा हिशेबही तुम्हाला तोंडपाठ असणार, पण पत्र इतरही वाचतील म्हणून थोडक्यात मांडते. २००१ नंतर नव्या शाळांना ‘कायम विनाअनुदान’ तत्त्वावर मान्यता मिळू लागली. त्यातला ‘कायम’ हा शब्द २० जुलै २००९ च्या निर्णयाने निघाला. आमच्या शाळेत त्या दिवशी पेढे वाटले होते. मूल्यांकनाचे निकष २०११ च्या नोव्हेंबरमध्ये आले आणि पहिले २० टक्के २०१६ मध्ये. पुढचे २० टक्के सप्टेंबर २०१९ च्या निर्णयात मिळाले खरे, पण प्रत्यक्षात ते लागू झाले १ नोव्हेंबर २०२० पासून. त्यानंतरचा टप्पा १ जानेवारी २०२३ पासून. त्याच्या पुढचा १४ ऑक्टोबर २०२४ च्या निर्णयात, पण त्याच्यासोबत पैशांची तरतूदच नव्हती. ती व्हावी म्हणून जुलै २०२५ मध्ये राज्यभरातल्या शिक्षकांना आझाद मैदानावर भर पावसात बसावं लागलं. आमचे दोन सर तिथून ताप घेऊनच परतले. पेढे वाटले त्या वर्षी पाचवीत असलेल्या मुलांची आता लग्नं होऊन गेली. एवढ्या काळात पूर्ण पगाराची शाळा झालेली आम्ही पाहिली नाही.

अनुदान हा हक्क नाही, हे मला ठाऊक आहे. उत्तर प्रदेशातल्या एका इंटर कॉलेजच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२१ मध्ये ते स्पष्टच सांगितलं. सरकारच्या तिजोरीत किती आहे आणि ते कुठे खर्च करायचं हा धोरणाचा भाग आहे, न्यायालय तिथे सहसा हात घालत नाही. हे मला पटतं. न्यायमूर्तींनी पगारपत्रकं तपासत बसावं असं कुणालाच वाटणार नाही. पण धोरण मनमानी असेल, सारख्यांना वेगळं वागवत असेल, तर ते तपासायचा अधिकार न्यायालयाकडे राहतोच, आणि याचं सर्वांत जवळचं उदाहरण आपल्याच राज्याचं आहे. इतर व्यावसायिक महाविद्यालयांना अनुदान द्यायचं आणि खासगी विधी महाविद्यालयांना नाही, असा भेद महाराष्ट्र शासन करत होतं. मनुभाई वशी प्रकरणात १९९५ साली सर्वोच्च न्यायालयाने तो भेदभाव ठरवला आणि विधी महाविद्यालयांनाही अनुदान द्यायला लावलं. पुढे २००० साली चंडीगडच्या रजनी वाली प्रकरणात अनुदानित शाळेतल्या शिक्षकांच्या पगाराचा प्रश्न होता. पैसे नाहीत ही सबब सांगून प्रशासनाला शिक्षणाच्या जबाबदारीतून अंग काढून घेता येणार नाही, असं तिथे न्यायालयाने बजावलं.

आमचं तर याहून साधं आहे. आम्ही धोरणाला हात लावत नाही. तुमचंच धोरण, तुमचाच दाखला, तुमचाच शेजारच्या शाळेबाबतचा निर्णय. तो ओढा ओलांडून अलीकडे आणा एवढंच म्हणतोय.

‘कुंपणावर बसून दुसऱ्याचा निकाल लागल्यावर उठून येणाऱ्यांना लाभ का द्यायचा?’ हे उत्तर, आम्ही फी विचारायला गेलो होतो त्या वकिलांनी आधीच सांगून ठेवलं होतं. सर्वोच्च न्यायालयाचा २०१४ चा अरविंदकुमार श्रीवास्तव प्रकरणातला निकाल यासाठी पुढे केला जातो. मी तो त्यांच्याकडून समजून घेतला. त्यात उशिराबद्दल आणि कुंपणावर बसलेल्यांबद्दल आहे, खरं आहे. पण त्याच्या आधी काय आहे? एका कर्मचाऱ्याला न्यायालयाने दिलासा दिला तर तशाच स्थितीतल्या बाकीच्यांनाही तो द्यायचा हा सर्वसाधारण नियम, आणि न देणं म्हणजे समानतेच्या तत्त्वाचा भंग. कुंपणाची गोष्ट अपवाद म्हणून नंतर येते. नियम सोडून अपवादच उचलायचा ही सवय कार्यालयांना कुठून लागली कळत नाही. आणि आम्ही कुंपणावर बसलो नव्हतो. पगारच नाही म्हणून वकील नाही, वकील नाही म्हणून याचिका नाही, याचिका नाही म्हणून पगार नाही. या चक्राला तुमच्या भाषेत काय म्हणतात ते कळवावं, तसा शेरा मारून ठेवते.

दुसरी गोष्ट कारणांची. न्यायालय जेव्हा ‘कारणांसह निर्णय घ्या’ म्हणतं, तेव्हा बहुतेक वेळा जे येतं ते असं: ‘शासन धोरणानुसार अनुज्ञेय नसल्याने अमान्य.’ कोणतं धोरण, कोणत्या तारखेचं, कोणता परिच्छेद? काही नाही. मग शाळा पुन्हा न्यायालयात जाते, आणि तिथे प्रतिज्ञापत्रात अचानक चार पानं कारणं उगवतात. मोहिंदर सिंग गिल प्रकरणात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी हे कधीचं सांगून ठेवलंय की आदेशाचं समर्थन त्या आदेशातच दिलेल्या कारणांनी व्हायला हवं, मागाहून ठिगळं लावून नाही. आदेश म्हणजे मुरत ठेवलेली दारू नव्हे, की जुना होईल तसा चांगला होत जाईल. (हे वाक्य मी ऑफिसच्या कपाटाच्या दाराला आतून चिकटवलंय. हेडमास्तरांनी अजून पाहिलेलं नाही.)

तिसरं, शून्य शिक्षक. १५ मार्च २०२४ च्या संच मान्यतेच्या निर्णयाने सहावी ते आठवीला वीसपेक्षा कमी पट असेल तर शिक्षक शून्य. आमच्या शाळेत या तीन वर्गांत गेल्या वेळी बावीस मुलं होती. मी रोज मोजते, कारण घंटाही मीच देते. आमचा जुना शिपाई निवृत्त झाला, आणि डिसेंबर २०२० च्या निर्णयानंतर त्याच्या जागी पद नाही, ग्रामीण शाळेला महिन्याला पाच हजार रुपये शिपाई भत्ता. त्यात अर्धवेळ माणूस मिळतो आणि तो दुपारी जनावरं सोडायला जातो. वर ज्याचा उल्लेख केला तो दुसरा, त्याची निवृत्ती अजून दोन वर्षांवर आहे.

तर बावीस मुलं. पण संच मान्यतेला आधार वैध झालेलीच धरतात. तीन मुलांची नावं जुळेनात. एकाचं दाखल्यावर सूरज, आधारवर सुरज. एकीची जन्मतारीख आधारवर १ जानेवारी, कारण नोंदणी करणाऱ्याने विचारलंच नाही. तिसरा मेंढपाळाचा मुलगा. त्याच्या आईचा मोबाईल नंबर बंद, ओटीपी जाणार कुठे? मेंढरं दिवाळीनंतर खाली कोकणाकडे जातात, ती येईपर्यंत घरात आजी असते आणि आजीकडे मोबाईल नाही. मी त्या सूरजला घेऊन दोनदा तालुक्याला गेले. दुसऱ्यांदा केंद्रातल्या मुलाने विचारलं, “ऱ्हस्व की दीर्घ?” सूरज म्हणाला, “बाईंनी शिकवलंय तसं.” वैध मुलं एकोणीस. म्हणजे ‘शून्य’. तीन मुलांचा एक उकार, एक तारीख आणि एक बंद सिमकार्ड यांच्यासाठी बावीस मुलांचे शिक्षक कागदावरून गेले.

शिक्षण हक्क कायद्याच्या परिशिष्टात सहावी ते आठवीसाठी काय लिहिलंय ते तुम्हीच आम्हाला प्रशिक्षणात शिकवलं होतं: वर्गामागे किमान एक शिक्षक, आणि विज्ञान-गणित, सामाजिक शास्त्र, भाषा या प्रत्येकासाठी किमान एक. संसदेच्या कायद्यात ‘किमान’ असताना शासन निर्णयात ‘शून्य’ कसं बसतं? हा प्रश्न घेऊनही लोक न्यायालयात गेले आहेत. जे जाऊ शकले ते गेले.

याच सरकारच्या बाबतीत एक वेगळा अनुभवही आहे. ९ फेब्रुवारी २०२४ च्या अधिसूचनेने एक किलोमीटरच्या आत सरकारी किंवा अनुदानित शाळा असेल तर खासगी विनाअनुदानित शाळेला शिक्षण हक्क कायद्यातल्या, वंचित मुलांसाठी राखीव पंचवीस टक्के जागांतून सूट दिली गेली. त्या जागांची फी शासनाला शाळांना परत द्यावी लागते, तिची थकबाकी साचलेली, हे सगळ्यांना माहीत होतं. ६ मे ला उच्च न्यायालयाने स्थगिती दिली आणि १९ जुलैला मुख्य न्यायमूर्ती देवेंद्रकुमार उपाध्याय व न्यायमूर्ती अमित बोरकर यांच्या खंडपीठाने तो नियमच रद्द केला. सर्वोच्च न्यायालयानेही ऑगस्टमध्ये हात घातला नाही. तेव्हा ‘हा निकाल याचिकाकर्त्या पालकांपुरता मर्यादित’ असं तुम्ही म्हटलं नाही. म्हणता आलं नसतं, कारण नियमच उडाला होता. म्हणजे न्यायालय नियम उडवतं तेव्हा राज्यातली सगळी मुलं सुटतात आणि नियम तसाच ठेवून फक्त ‘नीट वागा’ म्हणतं तेव्हा एकटा याचिकाकर्ता सुटतो. शहाण्या सरकारने दुसऱ्या वेळी जास्त ऐकायला हवं, कारण तिथे न्यायालयाने त्याच्यावर विश्वास टाकलेला असतो.

आमच्या बाजूची खोटही लपवत नाही. आमच्या संस्थेने दोन वर्षं बिंदुनामावली अद्ययावत केली नव्हती, त्यासाठी आम्ही बोलणी खाल्ली ती रास्तच होती. नागपूरकडचं बोगस शालार्थ आयडीचं प्रकरण २०२५ मध्ये सगळ्यांनी वाचलं. शाळेत नसलेल्या माणसांच्या नावाने पगार निघत असतील तर तपासणी कडक हवीच. आमची दहा वेळा करा. चहा आमच्याकडून. फक्त प्रपत्रात लाईटचा रकाना ठेवा.

आता थोडं साताऱ्याबद्दल, कारण अनुदान बंद होणं म्हणजे काय हे आमच्या जिल्ह्याला नवीन नाही. कर्मवीर भाऊराव पाटलांनी ४ ऑक्टोबर १९१९ ला काले गावात रयत शिक्षण संस्था काढली, पुढे ती साताऱ्यात आली. १९४८ साली अण्णांचं एक बोलणं तेव्हाच्या मुंबई सरकारला झोंबलं आणि रयतचं अनुदान थांबलं. वसतिगृहातल्या मुलांच्या तोंडचा घास तुटायची वेळ आली. माझे सासरे रयतच्या वसतिगृहात ‘कमवा आणि शिका’वर शिकलेले. त्यांच्या तोंडून आम्ही ऐकलंय की लोकांनी धान्य आणलं, पैसा आणला, आणि गाडगेबाबांनी मुख्यमंत्री बाळासाहेब खेरांकडे शब्द टाकला तेव्हा गाडी रुळावर आली. सासरे हे सांगताना गाडगेबाबांपाशी नेहमी थांबायचे. मला मात्र नेहमी दुसरंच वाटायचं. गाडगेबाबा नसते तर?

तेव्हा राज्यघटना लागू व्हायची होती. साताऱ्यातल्या एखाद्या संस्थेला सरकारविरुद्ध रिट घेऊन उच्च न्यायालयात जाता येईल असं अनुच्छेद २२६ नव्हतं. संताचा शब्द हाच उपाय होता. त्यानंतर दोन वर्षांच्या आत ते अनुच्छेद आलं, आणि ज्यांच्या अध्यक्षतेखाली तो मसुदा झाला त्यांचं नाव साताऱ्याच्याच शाळेच्या रजिस्टरात आहे, ७ नोव्हेंबर १९०० च्या तारखेला. आता ते प्रतापसिंह हायस्कूल. मी एका प्रशिक्षणाला तिथे गेले होते. शाळेचं जनरल रजिस्टर हे माझं रोजचं काम, म्हणून मनात आलं की ती ओळही कुणा कारकुनाने टाक बुडवून लिहिली असेल आणि संध्याकाळी घरी गेला असेल.

आणि आता तर उच्च न्यायालयच आमच्या जवळ आलंय. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरच्या सर्किट बेंचचं काम सुरू झालं. सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग आणि कोल्हापूर, सहा जिल्हे. इतकी वर्षं तारखेसाठी मुंबई म्हणजे रात्रीची एसटी, पहाटे स्टेशनवर तोंड धुणं, आणि दुपारी ‘आज बोर्डावर आलंच नाही’. आता पहाटेची गाडी धरली तर संध्याकाळी घरी. आमच्या शिक्षकांनी पुन्हा वर्गणी सुरू केलीय. त्रेचाळीस हजार झालेत, यावेळी स्वच्छतागृहाचं दार शाबूत आहे. आम्ही गेलो तर बहुतेक तेच होईल जे ओढ्यापलीकडे झालं: आठ आठवडे, सुनावणी, दाखला, टप्पा. म्हणजे शेवटी तुम्ही द्यालच. मग दोन्हीकडचे वकील, न्यायालयाचा वेळ, माझ्या झेरॉक्सच्या रीमी, गणिताच्या सरांची रजा, हे सगळं कशासाठी? आमच्यासारख्या किती शाळा त्या कोल्हापूरच्या पायऱ्या चढतील याचा अंदाज तुम्हाला माझ्यापेक्षा चांगला असणार, याद्या तुमच्याकडेच आहेत.

म्हणून मागण्या. फार नाहीत.

अनुदानाबाबत एखाद्या शाळेच्या बाजूने न्यायालयाचा आदेश अंतिम झाला, की त्याच यादीतल्या, त्याच त्रुटीच्या सर्व शाळांचे प्रस्ताव कार्यालयाने आपणहून तीन महिन्यांत पुन्हा बघावेत. अशा शाळांची जिल्हावार यादी संकेतस्थळावर लावावी.

‘याचिकाकर्त्यांपुरते मर्यादित’ हे कारण म्हणून वापरणं बंद करावं. एखाद्या शाळेला नाकारायचंच असेल तर तिची स्थिती याचिकाकर्त्या शाळेपेक्षा कशी वेगळी आहे ते लिहावं. लिहिता येत नसेल तर मान्य करावं.

अमान्यतेच्या प्रत्येक पत्रात शासन निर्णयाची तारीख आणि परिच्छेद क्रमांक असावा, आणि त्याआधी मुख्याध्यापकांना एकदा तरी समोर बसवून ऐकावं.

टप्पावाढीचा निर्णय आणि त्याची आर्थिक तरतूद एकाच दिवशी व्हावी. पैशांशिवाय निघालेला निर्णय आम्ही नोटीस बोर्डावर लावत नाही, मुलं विचारतात.

संच मान्यतेला हजेरीपटावरची मुलं धरावीत. आधार जुळत नसेल तर ते जुळवायला मुदत द्या, तोवर शिक्षक काढू नका. माण, खटाव, जतसारख्या, जिथून माणसं ऊसतोडीला आणि मेंढरांमागे जातात त्या तालुक्यांत वीसची अट लावूच नका.

आणि आमच्या शाळेचा प्रस्ताव, जो आता पाचव्यांदा जातोय, तो वीज कंपनीच्या दाखल्यासकट एकदा पूर्ण वाचावा. दाखला पान क्रमांक सदतीसवर आहे. त्याच्या मागच्या बाजूला निळ्या शाईत फोन नंबर लिहिलेला दिसेल, तो उपकेंद्राच्या ऑपरेटरचा आहे. त्या दिवशीचं त्यांना आठवतं, मी विचारून ठेवलंय.

सेवाशर्तीची १९८१ ची नियमावली मला बऱ्यापैकी पाठ आहे, तेव्हा मी काय लिहू शकते आणि काय नाही हे बघूनच लिहिलंय. शाळेचं नाव मुद्दाम दिलेलं नाही. त्या दोन शाळा कुठल्या ते यादी काढली की तुम्हाला कळेलच, एकाखाली एक आहेत. या पत्राला जावक क्रमांक टाकलेला नाही, कारण हे शाळेचं पत्र नाही. माझं आहे.

आपली नम्र,

कनिष्ठ लिपिक,
एक अंशतः अनुदानित माध्यमिक शाळा,
माण तालुका, जिल्हा सातारा

सोबत: दाखल्याची झेरॉक्स, दोन्ही बाजूंनी.